सार्थकची साक्ष

रविवार, ४ ऑगस्ट २०२४

आजपासून लिहायचं ठरवलं. कारण साधं आहे. विनिताने जेवताना वाद घालायला बंदी केली आहे. "पोरगी दोन वर्षांनी राहायला आलीय, ताटावर बसून तिचं डोकं खाऊ नका," असा हुकूम सुटला. आता जे पोटात राहील ते कुठेतरी काढायला हवं, म्हणून गोदामातून मिळालेली गेल्या वर्षीची कोरी डायरी घेतली. छापलेल्या तारखा खोडून लिहीन.

उन्नती पुण्याहून आलीय. तत्त्वज्ञानाचं एम.ए. संपत आलं, प्रबंध तेवढा राहिलाय, आणि तो लिहायला घरी शांतता मिळेल म्हणे. भिवंडीत शांतता! भिंतीपलीकडे कापडाचे लूम दिवसरात्र खडखडतात. मी विषय विचारला, तर म्हणाली, "उत्तरआधुनिक विचार आणि ख्रिस्ती साक्ष." माझा घास तोंडातच राहिला.

तिने समजावून सांगितलं ते असं. सगळ्या जगाला एकाच मोठ्या कथेत बसवायचे दिवस गेले. आता प्रत्येकाची आपापली कथा. सत्य कुठेतरी तयार ठेवलेलं नसतं, सांगणाऱ्याच्या सांगण्यातून ते घडतं. मी म्हटलं, "आणि प्रभू येशू? तोसुद्धा कुणाच्या सांगण्यातून घडला?" तर शांतपणे म्हणते, "पप्पा, त्याच्याबद्दल तरी एकानेच कुठे लिहिलंय? चौघांनी लिहिलं, चार तऱ्हांनी." इथे विनिताने डाव आपटला आणि बंदी जाहीर झाली.

बावीस वर्षं मंडळीचा पाळक आहे मी. आठवडाभर कशेळीला गोदामाच्या गेटवर ड्युटी आणि रविवारी संदेश. चार गोष्टी मलाही समजतात.

रविवार, ११ ऑगस्ट

उपासनेनंतर कमिटी बसली. आमचा सेक्रेटरी प्रितेश म्हणाला, "पास्टर, २६ सप्टेंबरला सार्थकला जाऊन दहा वर्षं होतील. त्याची साक्ष पुस्तिका करून छापू. २९ तारखेच्या रविवारी वाटू." सगळ्यांनी आमेन म्हटलं. मलाही बरं वाटलं, खोटं कशाला बोलू?

आमच्यात दर रविवारी संदेशाआधी कुणीतरी उभं राहून साक्ष देतं. देवाने माझ्या आयुष्यात काय केलं, ते आपल्या तोंडाने सांगायचं. माझी साक्ष सगळ्यांना पाठ आहे. सार्थक माझा थोरला. सतरा वर्षांचा, बारावीत होता. डेंग्यू झाला. शुक्रवारी दुपारी मी इथे उपासप्रार्थनेत गुडघ्यांवर असताना तिकडे हॉस्पिटलात त्याचा शेवटचा क्षण आला. तेव्हा तो हसला, त्याचा चेहरा तेजाने उजळला, आणि उशाशी बसलेल्या बहिणीला म्हणाला, "पप्पांना सांग, मी येशूबरोबर चाललोय. रडू नका." विनिता खाली औषधं आणायला गेली होती. जवळ फक्त उन्नती, चौदा वर्षांची. हे मी दिघाशीपासून कोनपर्यंत किती घरांत सांगितलं असेल त्याला गणती नाही. आता सांगताना मी रडत नाही, लोक रडतात.

आज सांगत होतो तेव्हा उन्नती मधेच उठून बाहेर गेली. पाणी प्यायला असेल.

गुरुवार, १५ ऑगस्ट

सुट्टी. उन्नतीला म्हटलं, पुस्तिका तूच लिहून काढ, तुझी भाषा चांगली आहे, लॅपटॉप आहे. म्हणाली, "मीच का?"

"तूच तर तिथे होतीस."

"हो," म्हणाली. "मीच होते."

आढेवेढे घेतले पण शेवटी कबूल झाली. तिच्या त्या विचारांवर हा उत्तम उतारा ठरेल. भावाचे शब्द टाइप करता करता कोण 'सत्य सांगण्यातून घडतं' म्हणेल? मी माझ्या हुशारीवर खूश आहे.

गुरुवार, २२ ऑगस्ट

तिचे इंग्रजी कागद तिला न विचारता वाचतोय. शब्दकोश उघडून एका पानाला तास जातो. अर्धं डोक्यावरून गेलं. पण एक गोष्ट जाणवली आणि ती मी फक्त इथेच लिहीन. ही माणसं वाईट नाहीत. आपलंच खरं म्हणून दुसऱ्याच्या डोक्यावर बसणाऱ्यांचा त्यांना राग आहे. तो मलाही आहे. प्रभूला नव्हता का?

उन्नतीने आज विचारलं, "पप्पा, समजा कुणी एखादी गोष्ट प्रेमापोटी सांगितली. ती तशी घडली नव्हती. पण शंभर माणसं त्या गोष्टीच्या आधाराने उभी राहिली. मग ती खोटी का?"

मी म्हटलं, प्रबंधातला प्रश्न दिसतोय, विचार करून सांगतो. ती म्हणाली, "लवकर सांगा." पोरीला अभ्यासाची भारी घाई.

रविवार, १ सप्टेंबर

आमचा हॉल नूर मोहम्मदच्या लूमच्या गाळ्यावर आहे. लूम रविवारी चालू आणि शुक्रवारी बंद. तरी नूरभाई आमच्यासाठी रविवारी खालची एक रांग तासभर थांबवतो. आज माझा संदेश लांबला आणि मधेच खडखडाट सुरू झाला. खाली उतरलो तर हसत म्हणाला, "पास्टरसाब, एक घंटा बोला था ना. खुदा को इतना समझाना पडता है क्या?" आम्ही दोघंही हसलो.

उपासनेनंतर दिघाशीच्या पार्वतीबाई घरी आल्या. त्यांचा एकुलता एक मुलगा कशेळीच्या पुलाजवळ कंटेनरखाली गेला, तीन वर्षं झाली. त्यांनी उन्नतीचा हात धरला. "बाय, तू नशिबाची. तुजे कानांनी आयकलास. मी त्याच बोलन्यावर जगताव. तुजा भाव हसत गेला तसा माजा पोऱ्या पन गेला असंल, असा मी मनाला सांगताव. न्हायतर मी हाय का आज?"

उन्नतीने हात सोडवला नाही. पण रात्री जेवली नाही. विनिता म्हणाली, पित्त झालंय.

रविवार, ८ सप्टेंबर

पुस्तिकेची सहा पानं झाली, शेवटचं राहिलंय. ती नेमकी तिथेच अडलीय. संध्याकाळी स्क्रीन माझ्याकडे वळवून विचारलं, "पप्पा, 'चेहरा तेजाने उजळला' हे कुणी पाहिलं?"

"तू."

"मी तेज म्हणाले नव्हते."

मी आठवायचा प्रयत्न केला. खरंच, पहिल्या वर्षी मी तेज म्हणत होतो का? आठवत नाही. कधीतरी आलं असेल. मी म्हटलं, ठीक आहे, तेज काढ, हसला एवढं ठेव.

"ते पण काढू?" ती म्हणाली.

मी चिडलो. म्हटलं, तुमच्या विद्यापीठात माणसाचं सगळं काढून घ्यायलाच शिकवतात का? विनिता कणीक मळता मळता थांबली होती. तिने माझ्याकडे असं पाहिलं की जणू भांडण मी तिच्याशीच काढलंय.

शनिवार, १४ सप्टेंबर

आज वाद झाला आणि मी जिंकलो.

तिला म्हटलं, तुझ्या त्या प्रश्नाचं उत्तर तयार आहे. न घडलेलं सांगितलं की ते खोटं. प्रेमापोटी सांगा नाहीतर पोटापाण्यासाठी सांगा. खोट्यावर शंभर काय, लाख माणसं उभी राहिली तरी ती हवेत उभी आहेत. आणि सांगणारा देवासमोर गुन्हेगार आहे. सत्य एकच असतं, तिथे सूट नाही.

बोलता बोलता माझा आवाज संदेशाचा झाला होता. तिचे डोळे भरून आले. "ती लहान असली तरी?" असं काहीतरी म्हणाली. कोण लहान, ते मला नीट कळलं नाही. मी म्हटलं, लहान-मोठं काही नसतं. ती उठून गच्चीवर गेली.

वचनाचा घाव बसतोय. देवा, तिला परत आण.

शुक्रवार, २० सप्टेंबर

उपासप्रार्थना झाली. लूम बंद, त्यामुळे सगळीकडे सामसूम. म्हणून तर आम्ही शुक्रवार धरला. हॉलच्या दाराशी एक स्टीलचा डबा असतो, विनिताच्या रुखवतातला. आत येताना प्रत्येकाने फोन त्यात ठेवायचा आणि झाकण लावायचं. माझाच नियम. आज झाकण लावल्यावर परत उघडून फोन बघितला. दर सप्टेंबरात असं होतं, विशेष नाही.

प्रेसवाल्याचा फोन आला, शेवटचं पान कधी देता म्हणून. उन्नती म्हणते, देते.

गुरुवार, २६ सप्टेंबर

उन्नतीने सांगितलं.

लिहवत नाही.

शुक्रवार, २७ सप्टेंबर

उपासप्रार्थनेला गेलो नाही. अंगात ताप आहे असं प्रितेशला कळवलं. बावीस वर्षांत पहिल्यांदा. आणि तेही खोटंच.

काल सकाळी आम्ही तिघं कबरीवर जाऊन आलो. घरी आल्यावर ती माझ्यासमोर खाली बसली आणि म्हणाली, "पप्पा, शेवटचं पान मला लिहिता येणार नाही. दादा हसला नाही."

मी म्हटलं, म्हणजे?

"तो येशूचं नाव एकदाही बोलला नाही. तो विचारत होता, पप्पा आले का? दार बघ ना, पप्पा आले का? मी म्हणायची, येतायत. मग म्हणाला, उन्नू, मला भीती वाटतेय. सलाईन ओढत होता. मी नर्सला बोलवायला धावले, परत आले, तोवर दाराकडे बघतच..." पुढचं तिला बोलता आलं नाही. मलाही ऐकता आलं नसतं.

मी पोहोचलो तेव्हा अडीच वाजले होते. ते मला आठवतं. मी हॉस्पिटलच्या फरशीवर बसलो आणि या चौदा वर्षांच्या पोरीचे खांदे धरून गदागदा हलवत विचारत राहिलो, काही बोलला का? माझ्यासाठी काही बोलला का? ती म्हणते, "तुमचं तोंड बघून मला वाटलं, तुम्ही पण मराल. म्हणून मी ते बोलले. नाताळच्या नाटकात असायचं तसलं वाक्य होतं. तुम्ही लगेच उठून उभे राहिलात. डोळे पुसलेत. मला वाटलं, बरं झालं. मग रविवारी तुम्ही ते सगळ्यांसमोर सांगितलं. आणि मग दर रविवारी."

दहा वर्षं. आणि मी म्हणत होतो, पाणी प्यायला गेली असेल.

मी विचारलं, "आणि ते तुझे विचार? सत्य घडवलेलं असतं वगैरे?"

ती म्हणाली, "पप्पा, कॉलेजात ते पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला इतकं हलकं वाटलं. सांगण्याबाहेर सत्य नसतं म्हटलं की कुणी खोटारडं ठरत नाही. मग मी सगळं वाचत सुटले. पण दादाच्या दाराकडच्या डोळ्यांवर त्यातलं काही चाललं नाही. मी देवाला सोडलं नाही हो. मला त्याच्यासमोर उभं राहता येत नव्हतं. आणि तुम्ही परवा म्हणालात की तिथे सूट नाही."

तिच्या डोक्यावर हात ठेवला. दुसरं काय करणार होतो? मला माझीच जीभ उपटून टाकावीशी वाटली.

विनिता स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. मी म्हटलं, ऐकलंस? ती म्हणाली, "मला माहीत होतं."

"कधीपासून?"

"त्याच दिवसापासून. मी वर आले तेव्हा त्याची मूठ आवळलेली होती. उघडायला जोर लावावा लागला. हसत गेलेल्या पोराची मूठ तशी असते का? पण तुम्हाला ते हवं होतं. म्हणून मी गप्प राहिले. आमचं दोघींचं रडायचं राहूनच गेलं, अहो. तुमच्या साक्षीत रडू नका असं होतं ना."

मी समजत होतो की या घराला मी सावरून धरलंय.

आता माझी गोष्ट. ती मी उन्नतीला अजून सांगितलेली नाही, कुणालाच नाही. देवालासुद्धा शब्दांत नाही. त्या शुक्रवारी सकाळी डॉक्टर म्हणाले होते, प्लेटलेट वाढताहेत, रविवारी घरी सोडू. म्हणून मी हॉलवर आलो. फोन डब्यात ठेवला. लूम बंद होते, टाचणी पडली तरी ऐकू येईल अशी शांतता. सव्वाबाराला डब्यात फोन थरथरायला लागला. स्टीलमध्ये घूं घूं आवाज होत होता. थांबला, परत सुरू झाला. दोघातिघांनी डोळे उघडले. आणि मी मोठ्याने म्हणालो, "सैतान आपलं लक्ष विचलित करतोय. कुणी उठू नका. प्रार्थना चालू ठेवा."

फोन माझा होता. उन्नतीचे अकरा कॉल. तो आवाज माझ्या फोनचा आहे हे मला कळत होतं का? दहा वर्षं म्हणत आलो, नाही. आज इथे लिहितो, थोडंसं कळत होतं.

ही गोष्ट साक्षीत मी कधीच घेतली नाही. गुडघ्यांवर होतो, एवढंच सांगितलं. तेही खरंच होतं. उन्नतीच्या कागदात लिहिलंय की सांगणारा काय गाळतो ते आधी बघावं. मी शब्दकोश घेऊन ते वाचलं होतं, आणि पान उलटलं होतं.

रविवार, २९ सप्टेंबर

प्रेसवाल्याला शनिवारीच नको म्हणून कळवलं होतं. प्रितेशला सकाळी सांगितलं. तो म्हणाला, "लोकांना काय सांगू?" मी म्हटलं, मी सांगतो.

उन्नती नको म्हणत होती. "पार्वतीबाईंचं काय होईल पप्पा? त्यांचा आधार काढून घेऊ नका. मी खोटी राहते ना, मला सवय झालीय." हे ऐकल्यावर तर सांगणं भागच होतं. तिला मात्र म्हटलं, तुझं नाव माझ्या तोंडी येणार नाही.

खालची रांग थांबली तसा मी उभा राहिलो. म्हणालो, "माझा मुलगा गेला तेव्हा मी तिथे नव्हतो." मग डब्याचं सांगितलं, सव्वाबाराचं, सैतानाचं. "तो मला हाक मारत होता. तो घाबरला होता. दहा वर्षं मी तुम्हाला जे सांगितलं ते मला हवं होतं म्हणून सांगितलं. देवाने मला तसं काही दाखवलं नव्हतं. मला क्षमा करा."

पुढे दोन वाक्यं तयार केली होती, की वधस्तंभावर प्रभूनेही बापाला हाक मारली होती आणि उत्तर आलं नव्हतं, तेव्हा माझा सार्थक एकटा नव्हता. पण ती बोललो नाही. हे खरं आहे म्हणून सुचलं की मला परत काहीतरी हवंय म्हणून, ते ठरवता येईना. खाली बसलो. आणि ढसाढसा रडलो, विनिताही रडली, सगळ्यांच्या देखत.

कुणी गाणं धरलं नाही. मागच्या रांगेतली दोन-तीन कुटुंबं उठून गेली. प्रितेश माझ्याकडे बघत नव्हता. अजून पंधरा मिनिटं बाकी असताना हॉल रिकामा झाला, पण नूरभाईने वेळ होईपर्यंत लूम चालू केले नाहीत.

पार्वतीबाई बसून होत्या. मी जवळ गेलो. त्यांनी विचारलं, "पास्टर, मंग तो घाबरला व्हता?"

"हो."

"माजा पन घाबरला असंल."

मी त्यांच्यासमोर खाली बसलो.

"तीन वर्सां कोनी मना ह्यो बोलूच दिला न्हाय," त्या म्हणाल्या. "जो तो म्हने, प्रभूकरं गेला, हस. गारीखाली पोऱ्या परला तर घाबरंल न्हाय का? घाबरलाच असंल माजा बाला." आणि त्यांनी तोंडाला पदर लावला. उन्नती त्यांच्या शेजारी जाऊन बसली. त्या दोघी किती वेळ तशा बसल्या होत्या ते मी पाहिलं नाही. मला तिथे थांबवेना.

सोमवार, ७ ऑक्टोबर

काल उपासनेला निम्मेही नव्हते. प्रितेश आला, पण साक्षीच्या वेळी कुणीच उभं राहिलं नाही. आता सगळ्यांना आपापली साक्ष तपासावीशी वाटत असेल. की माझ्यासमोर उभं राहणं नको वाटत असेल? पार्वतीबाई आल्या होत्या.

आज उन्नती पुण्याला गेली. प्रबंध पूर्ण करणार म्हणते, पण विषय थोडा बदलणार. कसा, ते सांगितलं नाही. मी विचारलं, "तुझा आता विश्वास आहे का?" म्हणाली, "माहीत नाही पप्पा. तुमचा?" मी म्हटलं, आहे, पण आता तो पाठ नाही. ती जरा हसली. एसटीत बसल्यावर खिडकीतून म्हणाली, "तुम्ही फोन उचलला असता तरी दादा गेलाच असता." मी म्हटलं, हो, पण दाराकडे बघत नाही. तिने मान हलवली, आणि बस निघाली.

शुक्रवार, १८ ऑक्टोबर

उपासप्रार्थनेला नऊजण होते. डबा दाराशी होता, लोक सवयीने फोन ठेवत होते. मी माझा ठेवला नाही. शर्टाच्या खिशात ठेवला, आवाज चालू करून.

मी प्रार्थना सांगत होतो. लूम बंद. आणि फोन वाजला. त्या शांततेत केवढा मोठा वाजला! सगळ्यांचे डोळे मिटलेले होते, कुणी उघडले नाहीत, उघडायचे नाहीत हे मीच शिकवलंय. बघितलं तर उन्नती. वर वेळ होती सव्वाबारा.

वाक्य अर्धं सोडून उठलो. गुडघे धरले होते, खुर्चीला धरत दाराबाहेर आलो. "बोल गं उन्नू, काय झालं?"

पलीकडून म्हणाली, "काही नाही पप्पा. सहज केला. जेवलात का?"

म्हटलं, आज उपास आहे.

"अरे हो," म्हणाली, "शुक्रवार."

लहानपणापासून या घरात वाढलेली पोरगी, आज शुक्रवार आहे हे कशी विसरली कोण जाणे. पुढे तीही काही बोलेना, मीही. तिचा श्वास ऐकू येत होता, रडत असावी. आत नऊजण माझी वाट बघत होते. मी जिन्याच्या पायरीवर बसलो आणि फोन कानाला लावून ठेवला.